कापून झाल्यावर कळलं

ग्रॅच्युइटी जमा झाली त्या दिवशी पासबुकातला आकडा आणि माझ्या वहीतला आकडा जुळेना. 93,640 रुपये कमी. धुळ्याला ऑफिसात गेलो, तर आस्थापनेतला पोरगा सहज म्हणाला, "नाना, तुमची अतिप्रदानाची वसुली होती ना. आदेशात आहे." अतिप्रदान म्हणजे चुकून जास्त दिलेला पगार. पण कुठला आदेश? मला त्याची प्रत कधी मिळालीच नव्हती. घरी येऊन आईला सांगितलं. भरताची वांगी भाजता भाजता ती एवढंच म्हणाली, "तुले कोणी इचारं का?" पुढची सव्वा वर्षं मी हाच प्रश्न कार्यालयीन मराठीत, अर्जावर अर्ज करून विचारत राहिलो.

भानगड एमएससीआयटी या संगणकाच्या परीक्षेची. सरकारी कर्मचाऱ्यांना ही परीक्षा पास व्हायला 31 डिसेंबर 2007 ची मुदत होती, नाहीतर वेतनवाढ रोखायची. निवृत्तीच्या आधी सेवापुस्तक पडताळणीला गेलं, तेव्हा माझ्या प्रमाणपत्राची नोंद 2011 ची दिसली. म्हणजे मधल्या वेतनवाढी चुकीच्या, सबब वसुली. पडताळणी करणाऱ्यांना मी दोष देत नाही. त्यांच्यासमोर जे पान आलं ते त्यांनी वाचलं. पण पास मी नोव्हेंबर 2007 लाच झालो होतो. ऑफिस सुटल्यावर क्लासला जायचो, माझ्या मुलीच्या वयाच्या पोरांमध्ये बसून एका बोटाने टाइप करायचो. ते दिवस मी विसरेन?

आधी तोंडी विनवण्या केल्या. त्यात दोन महिने फुकट गेले. मग 10 रुपयांचं कोर्ट फी तिकीट लावून माहितीच्या अधिकारात अर्ज टाकला: वसुली आदेशाची प्रत, हिशेबाचा तक्ता आणि माझी वैयक्तिक नस्ती, म्हणजे फाइल, प्रत्यक्ष पाहायची परवानगी. तीस दिवस भरता भरता बोलावणं आलं.

नस्ती पाहायला बसलो ती दुपार आठवते. लेस सडलेली, टाचण्यांचा गंज कागदावर उतरलेला. साधारण मध्यावर माझंच अक्षर दिसलं. जानेवारी 2008 चा अर्ज, "सोबत : प्रमाणपत्राची सत्यप्रत", आणि कोपऱ्यात आवकचा जांभळा शिक्का. कागद तीन वर्षं तिथेच निजलेला. 2011 ला कुणीतरी नवीन लिपिकाने तो सेवापुस्तकात उतरवला आणि नोंद केल्याची तारीखच पास झाल्याची तारीख म्हणून लिहिली. मी स्वतः तेहतीस वर्षं लिपिकी केली. अशी चूक माझ्याही हातून झाली नसेल असं छातीवर हात ठेवून सांगता येणार नाही.

आदेश वाचला तर पावणेदोन ओळींचा. नोटिशीचा उल्लेख नाही, खुलाशाचा नाही. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम 1982 मधला 134-अ स्पष्ट आहे: निवृत्त माणसाकडून जादा रक्कम वसूल करायची तर आधी कारण दाखवायची वाजवी संधी द्यायची. ती संधी पाच मिनिटांची जरी दिली असती, तरी मी घरून प्रमाणपत्र आणून टेबलावर ठेवलं असतं.

ओळखीच्या वकिलांनी दुसरा रस्ता दाखवला. सर्वोच्च न्यायालयाचा रफीक मसीह प्रकरणातला निकाल, 18 डिसेंबर 2014 चा. वर्ग तीन-चारचे कर्मचारी आणि निवृत्त झालेले यांच्याकडून अशी वसुली करता येत नाही. "तुम्ही दोन्हींत बसता, थेट मॅटच्या, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणाच्या, औरंगाबाद खंडपीठात जाऊ." मग त्यांनीच विचारलं, हमीपत्र दिलंय का? दिलं होतं. सहाव्या वेतन आयोगाच्या वेळी, 2009 मध्ये, सगळ्यांबरोबर, न वाचता. जादा आलेलं परत करीन असं त्यात होतं, आणि अशा हमीपत्रावर वसुली चालते असाही 2016 चा निकाल आहे. शिवाय मला हा रस्ता रुचला नाही. "जास्त मिळालं, पण परत मागू नका" असं मी का म्हणू? जास्त मिळालंच नव्हतं.

म्हणून निवेदन दिलं, शिक्क्याच्या कागदाची प्रत जोडून, पोच घेऊन. पहिल्याला उत्तर नाही. दुसऱ्याला "तपासून कळवण्यात येईल". तिसऱ्याच्या वेळी साहेब बदलले होते. त्यांनी तारीख देऊन समोर बसवलं, नस्ती उघडली, शिक्का भिंगातून पाहिला. वीस मिनिटं. नोंद दुरुस्त झाली, सेवापुस्तक पुन्हा पडताळणीला गेलं, आणि पैसे यायला आणखी सात महिने लागले.

पैसे निघायच्या आधी त्याच पोराने एक छापील कागद पुढे केला. "नाना, इथे सही करा, नुसती फॉर्म्यालिटी." चष्मा लावून वाचला. शेवटची ओळ होती, "याउपर माझी कोणतीही मागणी राहणार नाही." ती ओळ खोडली, बाजूला आद्याक्षरं केली, खाली लिहिलं: व्याजाचा हक्क राखून. पोरगा कागदाकडे बघत राहिला, मग उठून आत साहेबांना विचारायला गेला.