डीएलएल सापडत नाही? ती एकटी फाइल उतरवू नका

प्रोग्राम उघडताना 'व्हीसीरनटाइम१४०.डीएलएल सापडली नाही' असा संदेश आला, की बरेच जण ते नाव नेटवर शोधतात आणि कुठल्याशा साइटवरून तेवढी एकच फाइल उतरवतात. आवृत्ती कुठली, आत कोणी काय घुसडलंय, काहीच कळत नाही.

डीएलएल म्हणजे अनेक प्रोग्रामांनी मिळून वापरायचा तयार कोड. वरची फाइल मायक्रोसॉफ्टच्या व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल पॅकेजमधून येते. ते त्यांच्याच साइटवरून घ्या आणि ६४ बिट विंडोजवर एक्स८६ (३२ बिट) आणि एक्स६४ (६४ बिट) दोन्ही बसवा. विंडोज ६४ बिट असली तरी ३२ बिट प्रोग्रामला डीएलएल ३२ बिटचीच लागते. जोडी चुकली की बहुधा ०एक्ससी०००००७बी हा एरर दिसतो.

फोल्डरांची नावं तर चक्क उलटी आहेत: ६४ बिट विंडोजच्या सिस्टम३२ मध्ये ६४ बिटच्या फाइली, सिसवाऊ६४ मध्ये ३२ बिटच्या. हाताने कॉपी करणारे इथेच फसतात.

प्रोग्राम डीएलएल साधारणपणे आधी स्वतःच्या फोल्डरात शोधतो, नंतर सिस्टमच्या. हरवलेली डीएलएल त्याची स्वतःची असेल तर आधी अँटिव्हायरसचं क्वारंटाइन, म्हणजे संशयित फाइली बाजूला काढून ठेवायची जागा, बघा. तिथे नसेल तर प्रोग्राम पुन्हा इन्स्टॉल करा. विंडोजची असेल तर अ‍ॅडमिन कमांड प्रॉम्प्टमध्ये 'एसएफसी /स्कॅननाऊ' (sfc /scannow) ही विंडोजच्या फाइली तपासून दुरुस्त करणारी आज्ञा चालवा.

कधी फाइल जागेवर असते, तरी 'मॉड्यूल सापडलं नाही' येतं. अशा वेळी तिला लागणारी दुसरी डीएलएल गायब असू शकते.