‘बार्कस्किन्स’मधले खरे किती?

‘बार्कस्किन्स’ पाहा असे मी ज्यांना सुचवते, ते ती पाहून झाल्यावर हमखास विचारतात, की यातले खरे किती? नॅशनल जिऑग्राफिकची २०२० मधली ही आठ भागांची मालिका १६९० च्या दशकातल्या न्यू फ्रान्स या फ्रेंच वसाहतीत, म्हणजे आजच्या कॅनडातल्या क्वेबेकच्या परिसरात घडते. सुरुवातीलाच वसाहतकऱ्यांची कत्तल होते आणि ती इंग्रजांनी केली की तिथल्या मूळ रहिवाशांपैकी इरोक्वाय लोकांनी, या संशयावर कथानक पुढे सरकते.

तुम्ही विचारलेत म्हणून सांगते. जंगलतोड आणि तीन वर्षांच्या करारावर राबणारे मजूर खरे आहेत. राजाच्या खर्चाने लग्नासाठी पाठवलेल्या मुलीही खऱ्या. मात्र ती योजना १६६३ ते १६७३ एवढीच चालली, त्यामुळे मालिकेतल्या मुली चांगल्या वीसेक वर्षे उशिरा पोहोचतात. नाटकासाठी एवढी सूट द्यायला माझी हरकत नाही.

माझी तक्रार वेगळी आहे. मालिकेचा सारा जोर कोण कोणाला मारणार यावर असल्यामुळे फ्रेंचांचे तिथले अस्तित्वच मूळ रहिवाशांच्या मर्जीवर किती अवलंबून होते, हे पुरेसे जाणवत नाही. १७०० च्या सुमारास न्यू फ्रान्समध्ये जेमतेम १५ हजार फ्रेंच होते आणि दक्षिणेच्या इंग्रज वसाहतींत सुमारे अडीच लाख लोक. बीव्हर या पाणथळीतल्या केसाळ प्राण्याच्या ज्या कातड्यावर फ्रेंचांचा तिथला व्यापार उभा होता, त्यातही टोप्या करणाऱ्यांची पसंती मूळ रहिवाशांनी केसांची बाजू आत घेऊन अंगावर वापरलेल्या कातड्याला असे, कारण अंगाला घासून वरचे राठ केस झडत आणि खालची मऊ लव तेवढी उरे. पॅरिसच्या डौलदार टोपीचे निम्मे काम असे जंगलातच उरकलेले असायचे!

शिवाय हे मूळ रहिवासी कसलेले मुत्सद्दी होते. त्यांच्यातल्याच वेंडॅट लोकांचा नेता कोंडियारोंक याने १६८८ मध्ये फ्रेंच आणि इरोक्वाय यांच्यात होऊ घातलेला तह शिताफीने मोडला होता, आणि १७०१ मध्ये मॉन्ट्रियलला मूळ रहिवाशांच्या तीसहून अधिक राष्ट्रांचे सुमारे १,३०० प्रतिनिधी जमले तेव्हा तोच तहासाठी तापाने फणफणलेला असताना खुर्चीत बसून दोन तास बोलला. त्याच रात्री तो वारला, आणि फ्रेंचांनी त्याला लष्करी इतमामाने निरोप दिला. दोनच दिवसांनी, ४ ऑगस्टला, तह झाला. निरनिराळ्या राष्ट्रांच्या प्रतिनिधींनी प्राण्यापक्ष्यांच्या आकृत्या काढून सह्या केल्या आणि मालिकेत ज्यांच्याकडे बोट दाखवले जाते त्या इरोक्वाय लोकांनी इंग्रज-फ्रेंच युद्धांत तटस्थ राहण्याचे वचन दिले.