हो, टूथपेस्टवाल्यांचंच कॉलेज

कुठे शिकलीस, या प्रश्नाला "कोलगेट युनिव्हर्सिटी" असं उत्तर दिलं की पुढचा प्रश्न ठरलेला असतो: "म्हणजे ते टूथपेस्टवाले?" एका काकूंनी तर "दातांचं कॉलेज का गं?" असंही विचारलं होतं. एरवी मी "हो, तेच" म्हणून वेळ मारून नेते. पण तुम्हीही तोच टूथपेस्टचा प्रश्न विचारलात म्हणून नीट सांगते.

घराणं तेच. पण ज्या विल्यम कोलगेटपासून हे सगळं सुरू झालं, त्याने टूथपेस्ट कधी पाहिलीच नाही. तो 1857 मध्ये वारला आणि कंपनीची टूथपेस्ट आली 1873 मध्ये, तीही बरणीतून. विल्यमचा धंदा साबण, खळ आणि मेणबत्त्यांचा. इंग्लंडमधल्या केंट परगण्यात 1783 चा जन्म. बाप शेतकरी, पण राजकीय मतं सरकारला न रुचणारी, म्हणून कुटुंबाने गाशा गुंडाळून अमेरिका गाठली. विल्यम न्यूयॉर्कला एका मेणबत्तीवाल्याकडे उमेदवारीला राहिला आणि 1806 मध्ये डच स्ट्रीटवर त्याने स्वतःचं दुकान थाटलं. हा धंदा म्हणजे दिवसभर कढईत जनावरांची चरबी वितळवायची आणि तो वास अंगाला घेऊन झोपायचं. त्यात त्या काळी बऱ्याच घरांत स्वयंपाकातली उरलेली चरबी आणि चुलीतली राख वापरून साबण घरीच करत. अशा गिऱ्हाइकाला साबण विकत घ्यायला लावणं सोपं नव्हतं.

त्याच्याबद्दल एक गोष्ट भाविक मंडळी फार रंगवून सांगतात. घर सोडून निघालेल्या पोराला कालव्यावरच्या एका बोटीचा म्हातारा कप्तान भेटला आणि म्हणाला, साबण चोख कर, वजन पुरतं दे आणि देवाचा वाटा देवाला दे. विल्यम 1804 मध्ये बाल्टिमोरच्या घरून न्यूयॉर्कला निघाला; त्या वाटेवर तेव्हा कालवा होता कुठे, असं कोणी विचारत नाही! मिळकतीचा दहावा हिस्सा धर्मकार्यासाठी बाजूला काढायची त्याची सवय मात्र प्रसिद्ध आहे.

तो बॅप्टिस्ट या ख्रिस्ती पंथाचा होता, आणि नुसता रविवारपुरता नव्हे. या पंथात तान्ह्या बाळाच्या डोक्यावर पाणी शिंपडून बाप्तिस्मा देत नाहीत. जाणत्या माणसाने स्वतः श्रद्धा कबूल करून पाण्यात पूर्ण बुडी घ्यायची. यावरून जे भांडण पेटलं त्याचं मूळ आपल्याकडे, बंगालमध्ये आहे. बंगालातल्या श्रीरामपूरला 1805 मध्ये मराठीचं व्याकरण छापणारे मिशनरी विल्यम केरी बॅप्टिस्टच. त्यांच्या पुढच्या पिढीतल्या कलकत्त्याच्या मिशनऱ्यांनी बंगाली बायबलात बाप्तिस्म्यासाठी सरळ 'बुडवणे' या अर्थाचा शब्द घातला. बायबलच्या प्रसारासाठी काढलेल्या अमेरिकन बायबल सोसायटीने अशा भाषांतराला पैसे द्यायचं नाकारलं. 1816 मध्ये ही सोसायटी उभी करणाऱ्यांत कोलगेट स्वतः होता. तरी तो बाहेर पडला, बॅप्टिस्टांनी वेगळी संस्था काढली आणि हा तिचा खजिनदार झाला. बंगालीचं अक्षर वाचता न येणारा न्यूयॉर्कचा साबणवाला एका बंगाली शब्दासाठी जुनी सोबत तोडतो, याचं मला आजही नवल वाटतं.

कॉलेजचं प्रकरणही याच ओढीतलं. न्यूयॉर्क राज्यातल्या हॅमिल्टन या खेडेगावात 1817 मध्ये तेरा जणांनी तेरा डॉलर आणि तेरा प्रार्थनांवर बॅप्टिस्ट शिक्षण संस्था सुरू केली. (म्हणून आमच्याकडे तेरा हा आकडा शुभ, कॉलेजचा पत्ताही 13, ओक ड्राइव्ह.) होतकरू पोरांना धर्मोपदेशक करायचं, एवढंच काम. सुरुवातीच्या विद्यार्थ्यांपैकी जोनाथन वेड आणि युजिनिओ किंकेड थेट ब्रह्मदेशात गेले. या आडगावच्या शाळेला विल्यमने पैसा पुरवला आणि त्याच्या मुलांनी तो वसा पुढे चालवला. थोरल्या देणग्या मुलांच्याच, विशेषतः वॉल स्ट्रीटवर पैसा कमावलेल्या जेम्सच्या. त्या तेव्हा मॅडिसन युनिव्हर्सिटी म्हणवणाऱ्या संस्थेला कोलगेट हे नाव मिळालं 1890 मध्ये, म्हणजे विल्यमच्या मृत्यूनंतर 33 वर्षांनी. हयातीत त्याच्या नावाची पाटी तिथे लागली नव्हती, हे मला आवडतं.

धर्मोपदेशक घडवणारा तो विभाग 1928 मध्ये हॅमिल्टनहून उठून रॉचेस्टरच्या सेमिनरीत, म्हणजे धर्मोपदेशकांच्या शाळेत, विलीन झाला. गंमत म्हणजे कोलगेट कंपनीचं पामोलिव्ह या साबण कंपनीशी लग्न लागलं तेही त्याच वर्षी. आणि काकू, दातांचं तिथे काही शिकवत नाहीत. मी अर्थशास्त्र शिकले.