नेपल्सचा मांत्रिक कवी

नेपल्सला लोक पिझ्झा खायला आणि पॉम्पेई पाहायला जातात. मीही दोन्ही केलं. त्यावर मराठीत भरपूर लिहिलेलं सापडेल, म्हणून इथे फक्त व्हर्जिल, ‘ईनिड’ हे महाकाव्य लिहिणारा रोमन कवी.

मेर्जेल्लिना भागात सांता मारिया दी पिएदिग्रोता नावाचं चर्च आहे. त्याच्या मागे रेल्वेचा पूल, आणि पुलाखालून पुढे गेलं की डोंगराला टेकलेली एक चिंचोळी बाग. पार्को व्हेर्जिलिआनो. याच नावाची दुसरी, मोठी बाग पोझिल्लिपोच्या टोकाला आहे आणि टॅक्सीवाले तुम्हाला हमखास तिकडेच नेतात. या छोट्या बागेला तिकीट नाही, आणि मी गेले त्या सकाळी गर्दीही नव्हती. वाट चढत जाते. कडेला झाडांच्या नावांच्या पाट्या आहेत, आणि त्या-त्या झाडाचा उल्लेख असलेली व्हर्जिलची ओळही. वनस्पतिशास्त्र आणि काव्य एकाच पाटीवर!

मध्येच लेओपार्दीची समाधी लागते. एकोणिसाव्या शतकातला हा इटलीचा मोठा कवी 1837 मध्ये नेपल्समध्ये वारला. 1939 मध्ये त्याचे अवशेष इथे आणले. त्याच्या पलीकडे डोंगरात एक उंच, अरुंद भगदाड दिसतं. रोमन काळात नेपल्सहून पोत्सुओलीकडे जाण्यासाठी खोदलेला हा बोगदा साधारण 700 मीटर लांब आहे. आत जाता येत नाही. रोमन तत्त्वज्ञ सेनेका यातून गेला होता, आणि त्याने पत्रात लिहून ठेवलंय की आत मशालींचा उपयोग एवढाच, की अंधार तेवढा दिसतो. वर धुळीबद्दल तक्रार. तक्रारीच्या बाबतीत हा माणूस आजच्या कुठल्याही प्रवाशाला भारी पडेल.

मध्ययुगात मात्र या बोगद्याची गोष्ट अशी सांगत, की व्हर्जिलने मंत्राच्या बळावर एका रात्रीत डोंगर फोडला. 1341 मध्ये इटालियन कवी पेत्रार्क इथे आला. नेपल्सच्या रॉबर्ट राजाने त्याला विचारलं, तुमचा यावर विश्वास आहे का? पेत्रार्क म्हणाला, व्हर्जिल पाथरवट होता असं मी तरी कुठे वाचलेलं नाही. राजाने मान डोलावली आणि कबूल केलं की भिंतीवर खुणा दिसतात त्या लोखंडी हत्यारांच्या. बोगदा कुणी खोदला ते स्ट्राबो या ग्रीक भूगोलकाराने नावानिशी सांगितलं आहे: कोक्कियस. पण इंजिनियरच्या नावाने दंतकथा कोण रचणार?

वर पोचल्यावर थडगं. खाली चौकोनी खोली, वर गोल दगडी बांधकाम. आत कमान आणि भिंतीत अस्थिकलशांसाठी दहा कोनाडे. मध्ये एक तिपाई, तिच्यावर वाळकी पानं आणि घडी केलेल्या काही चिठ्ठ्या. दहा कोनाडे म्हणजे हे कुणा एकाचं थडगं नव्हे, एखाद्या कुटुंबाची सामाईक जागा असावी. व्हर्जिल इ.स.पू. 19 मध्ये ब्रिंदिसीला वारला आणि त्याच्या अस्थी नेपल्सला आणून पोत्सुओलीच्या रस्त्यावर, दुसऱ्या मैलाच्या दगडाच्या आत पुरल्या, असं जुन्या चरित्रात आहे. ती जागा हीच, असं ठामपणे म्हणणारा अभ्यासक आज विरळा. थडग्यावरच्या दोन ओळी मात्र जगभर गेल्या. त्यांचा अर्थ साधारण असा: मान्तुआने मला जन्म दिला, कालाब्रियाने ओढून नेलं, आता पार्थेनोपेने धरून ठेवलंय, मी कुरणं गायली, शेतं गायली, सेनानी गायले. कालाब्रिया म्हणजे तेव्हा ब्रिंदिसीकडचा भाग, पार्थेनोपे म्हणजे नेपल्स. आणि कुरणं, शेतं, सेनानी ही त्याची तीन पुस्तकं. आख्खा आयुष्यपट, आणि विशेषण एकही नाही.

आपल्याकडे ज्ञानेश्वरीची एक ओवी न वाचलेल्या माणसालाही रेडा आणि चालती भिंत ठाऊक असते, तसंच इथे व्हर्जिलचं झालं. समुद्रातला कास्तेल देल्लोव्हो हा किल्ला म्हणे त्याने पुरून ठेवलेल्या एका अंड्यावर उभा आहे. अंडं फुटलं की शहर बुडालं. चौदाव्या शतकात किल्ल्याची पडझड झाली तेव्हा जोव्हान्ना राणीला जाहीर सांगावं लागलं की अंडं बदललंय, घाबरू नका, अशी कथा आहे. त्याने एक पितळी माशी केली आणि शहरातल्या माश्या पळाल्या. त्याने शहराची छोटी प्रतिकृती काचेच्या बाटलीत ठेवली, आणि ती आहे तोवर शहराला धोका नाही. ही बाटलीची हकिगत लिहिणारा कोनराड सम्राट सहाव्या हेन्रीचा मंत्री होता, आणि नेपल्सची तटबंदी पाडणाऱ्यांपैकीच एक. तो शांतपणे लिहितो की बाटली आमच्या हाती आहे आणि तट तरीही पडले. कदाचित काचेला बारीक तडा गेला असावा!

हे सगळं नेपल्सच्या अडाणी जनतेने रचलं, असं बराच काळ मानलं जाई. दोमेनिको कोम्पारेत्ती या पंडिताने 1872 मध्ये मध्ययुगातल्या व्हर्जिलवर जाडजूड ग्रंथ लिहिला, त्यातही सूर हाच. नंतरच्या अभ्यासकांनी एक अडचण दाखवली. या गोष्टी पहिल्यांदा लिहिणारे कोण? कोनराड जर्मन. टिल्बरीचा जर्वेस इंग्रज, सॅलिसबरीचा जॉनही इंग्रज. सगळे उत्तरेकडून आलेले शिकलेले पाहुणे. ज्यांनी शाळेत व्हर्जिल घोकला, त्यांनीच त्याला मांत्रिक केला. मला हे पटतं. थडग्याला देऊळ मानणारेही मुळात बाहेरचेच किंवा हौशीच. सिलियस इटालिकस या रोमन कवीने ती जागा विकत घेतली. तो स्वतःच्या वाढदिवसापेक्षा व्हर्जिलचा वाढदिवस जास्त थाटात करी, असं धाकट्या प्लिनीने लिहिलंय. पुढे युरोपभरचे श्रीमंत तरुण आले आणि पेत्रार्कने लावला म्हणून सांगत त्या लॉरेलची पानं ओरबाडून घेऊन गेले.

नेपल्सच्या लोकांची एक गोष्ट मात्र जर्वेसनेच सांगितली आहे. एक इंग्रज विद्वान सिसिलीच्या रॉजर राजाची परवानगी घेऊन व्हर्जिलची हाडं न्यायला आला. लोकांनी नाही म्हणून सांगितलं. ती गेली तर शहरावर अरिष्ट येईल, ही भीती. शेवटी पाहुण्याला पुस्तकं मिळाली आणि हाडं समुद्रातल्या किल्ल्यात गेली.

दुसऱ्या दिवशी मोंतेसांतोहून कुमाना नावाची लोकल पकडून लुक्रिनोला उतरले. तिथून चालत अव्हेर्नो तळं. ‘ईनिड’च्या सहाव्या सर्गात पाताळाचं दार इथे आहे. काळं पाणी, किर्र जंगल, आणि अशी वाफ की वरून पक्षी उडू शकत नाही. मी पाहिलं ते ज्वालामुखीच्या मुखातलं गोल, निवांत तळं. कडेला द्राक्षमळे, कॉफीची दुकानं, पाण्यात चांदवे पोहताहेत आणि धावणाऱ्यांचे घोळके.

आधी मी मनातल्या मनात म्हटलं, दोन हजार वर्षांत जागा बदलली. पण ती व्हर्जिलच्या वेळीच बदललेली होती! इ.स.पू. 37 मध्ये आग्रिप्पा या रोमन सेनापतीने आजूबाजूचं जंगल तोडलं, कालवा काढून तळं समुद्राला जोडलं आणि इथे आरमाराचा तळ उभारला. कोक्कियसने इथून कुमाई या जवळच्या प्राचीन नगराकडे आणखी एक बोगदा पाडला. व्हर्जिलला हे पक्कं ठाऊक होतं. त्याच्या शेतीवरच्या काव्यात या बंदराचा उल्लेख आहे. म्हणजे त्याने पाताळाचं दार लिहायला घेतलं तेव्हा त्या दारात गोदी होती. तोडलेलं जंगल त्याने कवितेत परत लावलं. मांत्रिकपणा म्हणायचाच तर मी याला म्हणेन.

कुमाईला सिबिलची, म्हणजे ‘ईनिड’च्या नायकाला पाताळात नेणाऱ्या भविष्यवेत्तीची, गुहा दाखवतात. 1932 मध्ये पुरातत्त्वज्ञ अमेदेओ माइउरी यांनी शोधलेली ही 131 मीटर लांब वाट वर निमुळती होत जाते आणि एका बाजूच्या झरोक्यांतून उजेडाचे पट्टे पडतात. दाराशी ‘ईनिड’च्या ओळी कोरून लावल्या आहेत. आता बहुतेक संशोधक म्हणतात की हे लष्करी बांधकाम. माइउरींनी व्हर्जिल वाचून गुहा शोधली आणि व्हर्जिलचीच गुहा सापडली. (याच माइउरींच्या उत्खननात 1938 मध्ये पॉम्पेईत भारतीय हस्तिदंती बाई सापडली. तशाच मूर्ती आपल्या तेर आणि भोकरदनला मिळाल्या आहेत. नेपल्सच्या पुराणवस्तू संग्रहालयात ती नक्की पाहा.)

व्हर्जिल इथे खरोखर राहिला, याचा मला सर्वात भावलेला पुरावा पॉम्पेईसारख्याच गाडल्या गेलेल्या हेर्क्युलेनियम या शहराचा आहे. इ.स. 79 च्या व्हेसुव्हियसच्या उद्रेकात कोळसा झालेल्या पपायरसच्या गुंडाळ्या तिथल्या एका बंगल्यात अठराव्या शतकात सापडल्या. त्यांतल्या काही 1802 मध्ये नेपोलियनला भेट गेल्या. त्यांपैकी एकीत फिलोदेमस हा एपिक्युरसपंथी ग्रीक तत्त्वज्ञ आपल्या मित्रांना नावाने हाक मारतो: प्लोतियस, वारियस, व्हर्जिल, क्विन्तिलियस. 1989 मध्ये हे वाचन प्रसिद्ध झालं. यातल्या वारियसनेच पुढे, मित्राची जाळून टाकण्याची इच्छा बाजूला ठेवून, सम्राट ऑगस्टसच्या सांगण्यावरून अपुरी ‘ईनिड’ जगापुढे आणली.

जाणाऱ्यांसाठी: थडग्याची बाग सकाळीच करा. कुमाईला जायला कुमानाने फुसारो आणि पुढे बस. बसच्या वेळापत्रकावर विसंबू नका, पाणी आणि टोपी बरोबर ठेवा. आणि जाण्याआधी ‘ईनिड’चा निदान सहावा सर्ग कुठल्याही भाषांतरात वाचा. बाराही वाचलेत तर उत्तम, पण शेवटच्या सहांतल्या लढाया मला स्वतःला अजून रेटाव्याच लागतात.