बँडबाहेरचा मॅट बर्निंजर

सोमवार, रात्री

मॅट बर्निंजरचा ‘सर्पेन्टाइन प्रिझन’ आज बऱ्याच दिवसांनी सलग ऐकला. ‘द नॅशनल’ या अमेरिकन रॉक बँडचा हा गायक. बँडला वीसेक वर्षं झाल्यावर, स्वतः पन्नाशीला टेकल्यावर, २०२० च्या ऑक्टोबरमध्ये त्याने पहिल्यांदा स्वतःच्या नावावर अल्बम काढला. त्याआधी २०१५ मध्ये ब्रेंट नॉफबरोबर ‘एल व्हाय’ या नावाने एक अल्बम झाला होता, पण तिथे निदान नावाचा आडोसा होता.

पहिल्या दोन गाण्यांतच कळतं की इथे कोण नाही. बँडचा ड्रमवादक ब्रायन डेव्हनडॉर्फ नाही. बँडचा ‘बॉक्सर’ हा अल्बम ज्यांनी ऐकलाय त्यांना सांगायला नको, की त्या बँडमध्ये गाणं कितीही संथ असलं तरी ड्रम्स स्वस्थ बसत नाहीत. पुढे बर्निंजरचा खर्जातला, अर्धवट झोपेतून उठल्यासारखा आवाज आणि मागे सतत चुळबुळणारे, अनपेक्षित जागी पडणारे ठोके. या दोघांच्या ओढाताणीसाठीच मी इतकी वर्षं ‘द नॅशनल’ ऐकत आलोय. सोलो अल्बमवर ड्रम्स वाजवतो ‘द वॉकमेन’ या बँडचा मॅट बॅरिक. तोही काही लेचापेचा गडी नाही, त्याचे जुने अल्बम ऐका. पण इथे तो गायकाला सांभाळून घेतो. सगळेच सांभाळून घेतात. माझी तक्रार म्हणा, कौतुक म्हणा, सगळं याच एका गोष्टीपाशी येऊन थांबतं.

बुधवार

काल झोपेपर्यंत हेच डोक्यात होतं.

बँडमध्ये बर्निंजर कसा काम करतो ते आठवलं. आरन आणि ब्राइस डेसनर हे जुळे भाऊ संगीताचे कच्चे तुकडे पाठवतात. हा ते कानात लावून वर पुटपुटत बसतो, चाल सापडली की मग शब्द. शब्दांना हातभार लावते त्याची बायको कॅरिन बेसर, पूर्वी ‘द न्यूयॉर्कर’मध्ये कथाविभागाची संपादक होती ती. म्हणजे ज्या ओळी ऐकून आपण ‘बिचारा किती एकटा आहे’ म्हणून उसासे टाकतो, त्या नवरा-बायकोने बसून घासूनपुसून काढलेल्या असतात. मला हे भलतंच आवडतं.

(पाच जणांच्या बँडमध्ये भावांच्या दोन जोड्या, डेसनर आणि डेव्हनडॉर्फ, आणि पाचवा हा. त्याने आपल्या भावाला, टॉमला, एका दौऱ्यावर सामानसुमान बघायला नेलं. टॉमची त्या कामावरून हकालपट्टी झाली आणि त्याने त्याच दौऱ्यावर २०१३ चा एक भन्नाट माहितीपट केला. असो.)

तर बँडमध्ये संगीत आधी येतं आणि ते दुसऱ्याचं असतं. गायकाला त्यात घुसून जागा मिळवावी लागते. बँडच्या ‘मिस्टर नोव्हेंबर’ या गाण्यात तो ज्या तऱ्हेने किंचाळतो, त्याशिवाय तो ऐकूच गेला नसता. सोलोसाठी मात्र त्याने एकेका मित्राबरोबर गाणी लिहिली. ‘डिस्टंट ॲक्सिस’ वॉल्टर मार्टिनबरोबर, ‘वन मोअर सेकंड’ मॅट शीहीबरोबर. व्हायोलिनला अँड्र्यू बर्ड, माउथ ऑर्गनला कंट्री गायक विली नेल्सनचा जुना साथीदार मिकी राफाएल. बँडमधला स्कॉट डेव्हनडॉर्फसुद्धा आहेच. नावाला सोलो, आणि माणसं बँडपेक्षा जास्त! फरक इतकाच, की बँडमध्ये त्याच्याशी भांडायला लोक होते. इथे सगळे त्याच्याच बाजूचे.

याचं मूळ निर्मात्यात आहे असं मला वाटतं. निर्माता कोण, तर बुकर टी. जोन्स. मेम्फिसच्या स्टॅक्स रेकॉर्ड्समध्ये १९६२ मध्ये ‘ग्रीन अन्यन्स’ या गाजलेल्या धुनेवर ऑर्गन वाजवणारा सतरा वर्षांचा पोरगा तो हाच. पुढे मालिबूत विली नेल्सन त्याचा शेजारी झाला आणि त्यातून १९७८ मध्ये नेल्सनचा ‘स्टारडस्ट’ हा अल्बम आला. कंट्री गायकाने आपल्या आईबापांच्या काळातली गाणी गायची, कंपनीला ही कल्पना अजिबात पटली नव्हती. अल्बम तुफान खपला. त्यात बुकर टी.ने केलंय काय? गायकाच्या वाटेतून सगळं बाजूला केलंय.

बर्निंजरला तसाच, दुसऱ्यांच्या गाण्यांचा अल्बम करायचा होता. त्याची स्वतःची नवी गाणी ऐकून बुकर टी.नेच त्याला ती करायला लावली. दुसऱ्यांची गाणी, म्हणजे कव्हर्स, नंतर वाढीव आवृत्तीत आली. पण बेत बदलला तरी वागवण्याची पद्धत ‘स्टारडस्ट’चीच राहिली. गाणी कोरी करकरीत, आणि ती वाजवलीत मात्र चाळीस वर्षं सगळ्यांना पाठ असल्यासारखी. कुणी त्यांची परीक्षाच घेत नाही.

जिथे गाणं मुळात भक्कम आहे तिथे हे अफाट जमतं. जिथे नाही, तिथे उघडं पडतं.

शनिवार

‘वन मोअर सेकंड’ भक्कम आहे. डॉली पार्टनच्या ‘आय विल ऑल्वेज लव्ह यू’मध्ये जिला निघून जायचंय ती बोलते, तर मागे राहणारा काय म्हणेल, असा विचार करून ते लिहिलंय. मागे राहणारा अर्थातच गयावया करतो. बँडमध्ये असता तर बर्निंजरने त्यात दोन तिरकस ओळी टाकून स्वतःची अब्रू वाचवली असती. इथे तो सरळ हात पसरतो. आणि बुकर टी.चा ऑर्गन त्याच्या मागून असा वर येतो की लाज वाटायला जागाच उरत नाही. आज आवाज वाढवून ऐकलं, शेजाऱ्यांची पर्वा न करता.

‘सिल्व्हर स्प्रिंग्ज’वर गेल ॲन डॉर्सी आहे, डेव्हिड बोवीची बासवादक. तिचा आवाज आला की बर्निंजर जरा ताठ बसतो. समोर कुणीतरी तोलामोलाचं आहे ना! अल्बमभर हे असं आणखी हवं होतं.

‘ओ डिअरी’ मुख्यतः गिटारवर आहे, आणि अंधार हळूहळू आवडायला लागलाय अशी कबुली आहे. नैराश्यावरची गाणी या माणसाने ढिगाने लिहिलीत, पण इतक्या कमी मालमसाल्यात क्वचितच. इथे ड्रम्सची आठवणही येत नाही.

शेवटचं गाणं अल्बमच्याच नावाचं. हे नाव कुठून आलं ते वाचून मी हसलो होतो. लॉस एंजेलिस विमानतळाजवळ सांडपाण्याचा एक वेडावाकडा पाइप समुद्रात जातो. त्यावरून चालत कुणी समुद्रात जाऊ नये म्हणून त्याला पिंजरा बसवलाय. तोच हा सर्पाकृती तुरुंग. गाण्यात तो एकामागून एक काळज्या मोजत जातो, मोठ्या आणि फालतू एकाच सुरात. ही त्याची जुनी खोड आहे आणि मला तिचा कंटाळा येत नाही.

बाकीचं? ‘लव्ह्ड सो लिटल’ ठीक. ‘टेक मी आउट ऑफ टाउन’ सुरू होतं, चालतं, संपतं.

रविवार

या अल्बमनंतर बर्निंजरचं लिहिणंच बराच काळ बंद पडलं होतं. मग २०२३ मध्ये ‘द नॅशनल’चे एका वर्षात दोन अल्बम आले, आणि २०२५ च्या मे महिन्यात त्याचा दुसरा सोलो, ‘गेट संक’. दुपारी तो लावला. ‘बॉनेट ऑफ पिन्स’ला चांगलाच वेग आहे, वाद्यं त्याच्या अंगावर येतात आणि तोही मागे सरत नाही. अल्बम म्हणून मला हा दुसरा जास्त आवडतो. तरीही ‘वन मोअर सेकंड’च्या तोडीचं एकही गाणं त्यावर नाही, आणि या दोन्ही गोष्टी एकदम कशा खऱ्या असू शकतात ते मला अजून नीट सांगता येत नाही.

माझ्या गाण्यांच्या यादीतून ‘टेक मी आउट ऑफ टाउन’ काढून टाकलं.