बोट की अळी?

मराठीत पाल चुकचुकते, सरडा रंग बदलतो आणि कुंपणापर्यंत धावतो, घोरपड चिकटून बसते. चावत मात्र यांतलं कोणीच नाही. चावायचं काम भाषेने कुत्र्याकडे दिलंय आणि डसायचं सापाकडे. त्यामुळे गेल्या वर्षी तर्जनीला पट्टी बांधून मी चार लोकांत गेलो आणि "काय झालं?" या प्रश्नाला "पाल चावली" असं खरं उत्तर दिलं, तेव्हा लोकांना ते वाक्यच पचेना. एकाने विचारलं, "पाल? चावते?" दुसऱ्याने विचारलं, "तुम्ही नक्की काय करत होतात?" हा दुसरा माणूस हुशार. त्याने बरोबर दुखऱ्या जागी बोट ठेवलं.

चावणाऱ्याचं नाव मुळा. लेकीने वर्षभर हट्ट करून आणलेला लेपर्ड गेको. लांबीला वीतभर, अंगावर बिबट्यासारखे ठिपके आणि बुडाशी जाडजूड, टोकाला निमुळती शेपटी. त्या शेपटीत तो अडीअडचणीसाठी चरबी साठवतो. तिच्यावरूनच नाव पडलं. पालींच्या जातीत हा जरा वेगळा. बोटांना चिकटणाऱ्या गाद्या नाहीत, त्यामुळे काचेवर चढता येत नाही, आणि बहुतेक पालींना नसतात त्या पापण्या याला आहेत. डोळे मिचकावणाऱ्या प्राण्याबद्दल माणसाचं मत उगीचच चांगलं होतं. माझंही झालं. (मुळा नर आहे. पण पाल म्हटली की 'ती' आणि मुळा म्हटला की 'तो', त्यामुळे आमच्या घरात एका वाक्यात त्याचं लिंग दोनदा बदलतं. त्याने अजून तक्रार केलेली नाही.)

खायला घालायचा नियम लेकीने पहिल्याच दिवशी सांगितला होता: "बाबा, चिमट्यानेच." लांब चिमटा, टोकाला रबर. त्या संध्याकाळी चिमटा सापडेना, लेक अभ्यासाला बसलेली आणि मुळा त्याच्या काचेच्या टाकीत गुहेच्या दारात येऊन उभा. डबीतून एक अळी काढून ती बोटांत धरायची आणि त्याच्यापुढे सोडायची, पाच सेकंदांचं काम. मी हात टाकीत घातला.

आता आठवतंय ते सगळं फार सावकाश घडल्यासारखं. मुळ्याने मान किंचित तिरकी केली. बाहुलीची उभी फट जराशी रुंदावली. शेपटीचं टोक, फक्त टोक, थरथरायला लागलं. मला ते गोड वाटलं. ती शिकारीची खूण असते हे मला त्यानंतर दोन सेकंदांनी कळलं. अळी वळवळली आणि बोटांतून निसटून खाली पडली. बोट तिथेच राहिलं. त्या बोटाला अळीचा वास होता, ते अळीच्याच रंगाचं होतं आणि दचकल्यामुळे जरासं हललंही. मुळ्याच्या जागी मी असतो तर मीही तेच केलं असतं.

दुखलं का? कपडे वाळत घालायचा चिमटा आतून सँडपेपर लावून बोटावर सोडला तर जेवढं दुखेल तेवढं. पण दुखण्यापेक्षा अपमान मोठा होता. आणि हात मागे खेचायची जी ऊर्मी येते, ती तर विचारूच नका. मी खेचणारच होतो. तेवढ्यात मागून आवाज आला, "बाबा, हलू नकोस!"

लेकीने माझं मनगट धरून हात हळूहळू खाली टेकवला, मुळ्याचे चारही पाय जमिनीला लागेपर्यंत. अधांतरी लोंबकळणारी पाल घाबरते आणि जबडा आणखी आवळते, पायाखाली जमीन आली की तिला सोडून पळायचा पर्याय सुचतो. खेचलं असतं तर माझी कातडी फाटली असती, त्याचे दात मोडले असते, जबडाही दुखावला असता. शेपटीला धरून ओढणं तर त्याहून वाईट. शेपटी हातात आली असती आणि पाल बोटालाच राहिली असती. मुळ्याने तीन-चार सेकंद विचार केला, ही अळी नव्हे असा निष्कर्ष काढला, तोंड उघडलं, जिभेने ओठ पुसले आणि पाठ फिरवली. खरी अळी त्याला नंतर मिळाली. चिमट्याने. तो अभ्यासाच्या टेबलावरच होता.

बोटावर बारीक लाल टिंबांची अर्धगोल रांग उमटली होती, सुईने टाचल्यासारखी. लेपर्ड गेकोच्या तोंडात शंभराच्या आसपास दात असतात, त्यांतले बरेचसे त्या दिवशी हजर असावेत. पुढची पाच मिनिटं मी वाहत्या पाण्याखाली साबणाने बोट धूत उभा होतो. लेक घड्याळ लावून. मग जखमेत दाताचा तुकडा अडकला नाही ना, हे भिंगातून पाहणं झालं.

दुसऱ्या दिवशी डॉक्टरांकडे गेलो. मी घाबरत घाबरत रेबीजबद्दल विचारलं. ते हसले. रेबीज हा सस्तन प्राण्यांचा रोग, पाल त्यात येत नाही. त्यांनी विचारलं ते धनुर्वाताच्या इंजेक्शनबद्दल: शेवटचं कधी घेतलं? मला आठवेना. अशा मळकट जखमेत मागची मात्रा 5 वर्षांपेक्षा जुनी असेल तर पुन्हा घ्यायची असते. घेतली. चावा ज्या बोटाला झाला त्यापेक्षा दंड जास्त दुखला. लाली पसरायला लागली, बोट सुजून ठणकायला लागलं, पू किंवा ताप आला तर लगेच परत या, असं त्यांनी बजावलं. बोटाच्या सांध्याजवळ टोचलेली जखम वरून लहान दिसते, पण आत खोल गेलेली असू शकते.

मग मी वाचायला बसलो, आणि मुळा किती सभ्य आहे ते कळलं. टोके गेको नावाचा त्याचा एक भाऊबंद एकदा धरलं की मिनिटं मिनिटं सोडत नाही. त्याला पाळणारे लोक शेवटी हातासकट त्याला साध्या पाण्यात बुडवतात, तेव्हा कुठे तो सोडतो. घोरपडीला चिकटण्याची कीर्ती आपण फुकट दिली म्हणायची. हिरवा इग्वाना हा मोठा सरडा शाकाहारी, त्यामुळे निरुपद्रवी वाटतो. पण पानं कापायला त्याचे दात करवतीसारखे दंतुर असतात, आणि दीड मीटर लांबीचा नर विणीच्या काळात बिथरला की चाव्याला टाके पडतात. शिवाय शेपटीचा फटका वेगळाच. बीअर्डेड ड्रॅगन, म्हणजे दाढीवाला सरडा, त्या मानाने भला प्राणी. त्याची दाढी काळी पडून फुगली की 'आज नको' एवढं समजून घ्यायचं.

विषारी म्हणाल तर गिला मॉन्स्टर हा अमेरिकेतला सरडा आणि त्याचा मेक्सिकन नातेवाईक. यांच्या विषाच्या ग्रंथी खालच्या जबड्यात असतात, विष दातांवरच्या खाचांतून झिरपतं, म्हणून हे चावून थांबत नाहीत, चघळतात. याच गिला मॉन्स्टरच्या लाळेतल्या एका द्रव्यावरून मधुमेहावरचं एक्झेनाटाइड हे औषध निघालं, 2005 साली अमेरिकेत त्याला मान्यता मिळाली. आणि 2024 च्या फेब्रुवारीत अमेरिकेतच कोलोरॅडोमध्ये एक माणूस घरी पाळलेल्या गिला मॉन्स्टरच्या चाव्याने गेला. असला प्राणी घरात ठेवण्याची हौस मला समजत नाही, आणि समजून घ्यायचीही नाही.

हे सगळं मी रंगवून जेवताना सांगत होतो, तर बायको म्हणाली, "ते राहू दे. तो काल तुझ्या खांद्यावर बसला होता. नंतर हात धुतलेस?"

धुतले नव्हते. चावला त्या दिवशी पाच मिनिटं धुतले. त्याआधीचे सगळे दिवस तो हातावर, खांद्यावर, एकदा तर डोक्यावर बसला, आणि मी तसाच उठून पुस्तकाची पानं बोट ओलं करून उलटली. सरपटणाऱ्या प्राण्यांच्या आतड्यात माणसाला जुलाब आणि ताप आणणारे सॅल्मोनेलाचे जंतू सुखाने नांदतात. प्राणी ठणठणीत दिसतो, विष्ठेतून जंतू अधूनमधून बाहेर पडतात, त्यामुळे एका तपासणीत सापडले नाहीत म्हणजे नाहीतच असंही नसतं. ते मग त्याच्या अंगावर, टाकीच्या काचेवर, पाण्याच्या वाटीत सगळीकडे असतात. दात माणसाला दिसतात म्हणून तो दातांना भितो. अमेरिकेने तर 1975 साली 4 इंचांहून लहान कवचाच्या कासवांची विक्रीच बंद केली, कारण तेवढं कासव लहान मूल सरळ तोंडात घालतं. कासव चावतं म्हणून नव्हे.

त्या दिवसापासून घरातली व्यवस्था बदलली. टाकीतली भांडी स्वयंपाकघरात येत नाहीत, त्यांची घासणी वेगळी. मुळ्याची पापी घेणं बंद (घेत कोण होतं ते सांगत नाही). त्याला हातात घेण्याआधीही हात धुवायचे, म्हणजे खाण्याचा वास राहत नाही, आणि नंतर तर धुवायचेच. पाच वर्षांच्या आतलं मूल, पासष्टीपुढचं माणूस किंवा ज्याची प्रतिकारशक्ती खालावलेली आहे असं कोणी घरी आलं की मुळ्याचं दर्शन काचेबाहेरूनच. खरं तर अशी माणसं ज्या घरात कायम राहतात तिथे मुळा असूच नये. हे मी त्याच्यासमोर बोलत नाही.

हात कसा घालायचा तेही नव्याने शिकलो. वरून झडप घातल्यासारखा हात आला की पालीच्या लेखी ती घार असते. हात बाजूने, तिला दिसेल असा, खालच्या पातळीवरून न्यायचा आणि तिला स्वतःहून चढू द्यायचं. शेपटी उभारून सावकाश नागमोडी हलवली तर ती धमकी, टोक भराभर थरथरलं तर ती भूक. दोन्हींचा अर्थ एकच: बोट बाहेर.

कोस्टा रिकाच्या किनाऱ्यावर केक खात बसलेल्या तीन वर्षांच्या एका मुलीची हकीकत वाचल्यापासून हे जास्तच काटेकोरपणे पाळतो. इग्वानाने तिच्या बोटाला चावून केक पळवला. जखम भरली. साधारण 5 महिन्यांनी त्याच जागी गाठ वाढू लागली आणि तीत एरवी पाण्यात आणि माशांत सापडणारा एक जंतू निघाला. म्हणजे चावा विसरला तरी तारीख लक्षात ठेवावी. मी कॅलेंडरवर त्या चौकोनात 'मुळा' एवढंच लिहून ठेवलं होतं. घरी आलेल्या एका पाहुण्याला ती भाजीची यादी वाटली.

माझी टिंबं आठवड्याभरात पुसली गेली. परवा लेकीने सांगितलं की लेपर्ड गेकोचे दात तीन-चार महिन्यांत पडतात आणि तिथे नवे येतात. म्हणजे मला चावलेले दात आता मुळ्याच्या तोंडात नाहीत. ते टाकीत कुठेतरी पडले असतील, किंवा त्याने अळीबरोबर गिळले असतील. आम्ही दोघांनी रविवारी टाकी साफ करताना भिंग घेऊन शोधले. एकही सापडला नाही. मुळा त्याच्या गुहेच्या दारात बसून आमच्याकडे बघत होता, मधूनच मिचकावत होता, आणि त्याच्या शेपटीचं टोक थरथरत होतं. लेकीने न बोलता माझ्या हातात चिमटा दिला.