ओठ हलतात, पाटी येत नाही

परवा दुपारी जेवण जरा जडच झालं. लवंडताना लॅपटॉप पोटावर घेतला आणि एर्न्स्ट लुबिचचा 'लेडी विंडरमिअर्स फॅन' लावला. १९२५चा मूकपट. ऑस्कर वाइल्डचं नाटक म्हणजे खमंग संवाद. लुबिचने नेमके तेच गाळले. पुरण काढून घेतलेली पोळी! पण लागते गोड.

मिसेस अर्लिन ही लेडी विंडरमिअरची आई, पण मुलीला ते ठाऊक नाही. रेसच्या मैदानावर दुर्बिणी घोडे सोडून तिच्याकडे वळतात. बायका तर तिचे पांढरे केस हुडकतात. दुर्बीण कशाला हवी? आमच्याकडे हे काम नुसत्या डोळ्यांनी व्हायचं.

माझी एक खोड आहे. मूकपटात ओठ बराच वेळ हलतात आणि मग पडद्यावर संवादाची जी लिखित पाटी येते, तिच्यावर असतात चार शब्द. मग उरलेलं काय बोलली बाई? मी मागे नेऊन पुन्हा पुन्हा ओठ बघत बसते.

खोड आजोळची. मागच्या पडवीत आजी, आई आणि माम्या तांदूळ निवडत बसायच्या. मी उंबऱ्यात आले की सुपाचा आवाज तेवढा उरायचा. एखादी मामी भुवईने माझ्याकडे खूण करायची, दुसरीचे ओठ हलायचे, आवाज नाही. आजी एक खडा काढून बाजूला टाकायची. "जा गं, बाहेर खेळ."

दिवाळीला एक मावशी यायची. आम्हा सगळ्यांना खाऊ, थोरल्या मामेभावाला मात्र सदरा. पहिल्या आंघोळीला उटणं तीच लावायची त्याला. त्याचे कान पुसताना पंचा जरा जास्तच वेळ तिथे रेंगाळायचा. नाक दोघांचं एकच. "आत्यावर गेलाय हो," असं सगळे म्हणायचे. जरा घाईनेच म्हणायचे.

सिनेमात ती बाई परक्या पुरुषाच्या घरी सापडलेला मुलीचा पंखा आपणच चुकून आणला म्हणून सांगते, मुलीची अब्रू राखते. मुलीला शेवटपर्यंत काही कळत नाही.

संध्याकाळी आईला फोन केला. इकडचं तिकडचं झाल्यावर म्हटलं, "आई, दादाचं नाक गं..."

"आत्यावर गेलाय तो."

मग बराच वेळ काहीच नाही. मागे कुकरची एक शिट्टी झाली.

"तिकडे पाऊस आहे का गं?"